आमचे हे आणि कुझेबाईंचा कॅमेरा

मला त्या बायकांचा कधीच मत्सर वाटला नाही. हे आधीच सांगून ठेवते, कारण लोकांना पहिला प्रश्न तोच पडतो. आमचे हे, म्हणजे कुनिहिरो, ब्लू फिल्ममध्ये काम करतात. कॅमेऱ्यामागे नव्हे, पुढे. तिसेक वर्षं झाली. हे कळलं की समोरची बाई आधी गप्प होते, मग हळूच जवळ सरकते आणि विचारते, "मग तुम्हाला काही वाटत नाही?" काय वाटायचंय? दाताचा डॉक्टर दिवसभर परक्या बायकांच्या तोंडात हात घालतो. त्याची बायको संध्याकाळी दारात लाटणं घेऊन उभी असते का?

मत्सर म्हणजे काय ते मला पन्नाशी उलटल्यावर कळलं. तेही एका चष्मेवाल्या, सपाट बुटांतल्या, कायम अर्धपोटी दिसणाऱ्या पोरीमुळे. असा कळला की दोन महिने माझ्या दुकानातल्या भातात मीठ कमी-जास्त होत होतं आणि गिऱ्हाइकं तोंडं वाकडी करून जात होती.

पण आधी ह्यांच्याविषयी सांगते, नाहीतर माझा राग कशावर होता तेच कळायचं नाही.

टोकियोच्या नेरिमा भागात माझं जेवणाच्या डब्यांचं दुकान आहे. खाली दुकान, वर घर. दोन गल्ल्या सोडून एक दुमजली बंगला आहे, तो शूटिंगला भाड्याने देतात. सकाळी तिथे कुणी भांड्यांच्या जाहिरातीचे फोटो काढतं, दुपारी ह्यांची मंडळी येतात. त्यांचे दुपारचे डबे माझ्याकडून जायचे, अजूनही जातात. तळलेला मासा, अंड्याची गोडसर वळी, भातावर एक उमेबोशी, म्हणजे खारवलेलं आंबट आलुबुखार. मी पहिल्यांदा डबे पोचवायला गेले तेव्हा हे जिन्यात बसून जेवत होते. तिथे खोली असते ती नटीची. ती तिथे तयार होते, झोपते, रडायचं असलं तर रडते. पुरुषांनी जिन्यात बसायचं आणि हाक येईपर्यंत वाट बघायची. ह्या धंद्यातल्या पुरुषाचं खरं काम म्हणजे वाट बघणं, बाकीचं त्या मानाने चटकन उरकतं.

तेव्हा माझे डबे रिकामे करून परत द्यायचे असत. सगळे उष्टे डबे तसेच पोत्यात टाकत. ह्यांनी आपला डबा धुऊन, झाकण वेगळं पुसून, जिन्याच्या कठड्यावर वाळत ठेवला होता. दुसऱ्या खेपेलाही तेच, तिसऱ्या खेपेलाही तेच. मी म्हटलं, "अहो, मी घरी नेऊन धुणारच आहे." तर म्हणाले, "वास राहतो." एवढंच. तेवढ्यावर मी लग्न केलं म्हणा ना.

ह्यांना तुम्ही पाहिलं तर पोस्टातले कारकून समजाल. डोक्यावर मागे टक्कल, खांदे थोडे पडलेले, गुडघे कुरकुरतात. हल्ली ह्यांच्या वाट्याला सासरा, घरमालक नाहीतर गरम झऱ्याच्या खाणावळीचा मालक एवढ्याच भूमिका येतात. कामात मात्र चोख. ठरल्या वेळेआधी पोचायचं, रक्ततपासणीचा ताजा कागद न मागता दाखवायचा, स्वतःचा टॉवेल, स्वतःच्या चपला. पोरगी नवी असली तर तिच्याजवळ जायच्या आधी चहाचा गरम पेला दोन्ही हातांत धरून बसायचे, म्हणजे हात गार लागू नयेत. आणि कॅमेऱ्यात आपला चेहरा येणार नाही असं अंग वळवायचं. सिनेमा विकत घेणाऱ्याला ह्यांचा चेहरा नको असतो. ह्यांची पाठ अख्ख्या जपानने पाहिली असेल, चेहरा एकाला आठवायचा नाही.

नव्या पोरापोरींना हे एकच गोष्ट शिकवत. त्या सिनेमांच्या सुरुवातीला सोफ्यावर बसवून मुलाखत घेतात ना, गाव कुठलं, घरी कोण कोण, लहानपणी काय व्हायचं होतं? त्यात खरं काही सांगायचं नसतं. कंपनीने लिहून दिलेलं असलं तर ते म्हणायचं, नसलं तर आयत्या वेळी दुसऱ्या कुणाचं तरी लावून द्यायचं, मैत्रिणीचं, शेजारणीचं. खरं गाव सांगितलं की कुणीतरी गावात पोचतं आणि आईबापांच्या दारावर टकटक करतं. असं झालेलं आहे, एकदा नाही. म्हणून हे पोरींना सांगत, "कॅमेरा सुरू, की घराला कुलूप." ह्यांच्या तोंडून निघालेलं सगळ्यात लांब वाक्य मी तेच ऐकलं होतं.

कारण घरी ह्यांचं बोलणं तीन शब्दांचं. जेवण, अंघोळ, झोप. मी कधी विचारलं, तुमच्या लहानपणी काय झालं, आई कशी होती, तर "असंच" म्हणायचे. गुन्मामधले आहेत हे, डोंगरातले, कोन्याकूच्या कंदांच्या शेतातले, एवढं लग्नाच्या कागदांवरून कळलं. पुढचं मी माझ्या मनाने भरून घेतलं.

आमचा जो काही संसार होता तो नखांचा होता. हसू नका. ह्या धंद्यात पुरुषाची नखं लहान आणि गुळगुळीत लागतात, कुठे जरा कोपरा राहिला तर पोरीला ओरखडा बसतो. ह्यांना स्वतःला जवळचं दिसत नाही. म्हणून कामाच्या आदल्या संध्याकाळी हे टेबलावर हात ठेवून बसायचे आणि मी पट्टीने एकेक नख घासायचे. मग गालावर फिरवून बघायचे, टोचतंय का. माझे हात चालले की तोंडही चालतं. बाजारातलं, बहिणीचं, मांजराचं, माझ्या गावचं, जे येईल ते मी बोलायचे. हे डोळे मिटून "हं" म्हणायचे. मला वाटायचं झोप लागली. पण ते हात दुसऱ्या कुणाच्या हातात नव्हते. कामावर काय असेल ते असो, नखं माझी होती.

आता ती पोरगी.

कुझे तिचं आडनाव. छपाईच्या दुकानात चार दिवस नोकरी करायची आणि उरलेल्या दिवसांत डॉक्युमेंटरी. मागे कंपनी नाही, चॅनल नाही. एक कॅमेरा, एक माईक, आणि पाठीवर पिशवी तिच्याहून मोठी. नट्यांवर तर सगळेच बनवतात, म्हणाली, मला जिन्यात बसणाऱ्या माणसांवर बनवायचीय. दिवेवाले, मेकअपवाली, म्हातारे नट. तिला आमच्याकडे आणलं तोमियोने. तोमियो मेकअपवाली, माझी मैत्रीण, जिभेला हाड नाही.

मी कुझेबाईला म्हटलं, "आमच्या ह्यांना बोलतं करायचंय? त्यापेक्षा त्या भिंतीला विचार, लवकर उत्तर मिळेल."

ती हसली आणि वाकून म्हणाली, "प्रयत्न करते, इत्सुकोसान."

पहिल्या दिवशी दुकानामागच्या टेबलावर बसले दोघं. मी तळणीपाशी. पाच मिनिटांत उठतील म्हणून मी चहासुद्धा टाकला नाही. अर्धा तास झाला, तरी आतून आवाज येतोच आहे. ह्यांचा! तेलाच्या चरचरीत शब्द कळेनात, पण गाडी थांबेना. मी गॅस बारीक करून चहा घेऊन गेले, तर हे तोंड उघडं ठेवून गप्प झाले. तिनेही कॅमेरा खाली केला. दोघं माझ्याकडे असे बघत होते, की मीच भलत्या घरात शिरले.

"चहा," मी म्हटलं.

"ठेव," हे म्हणाले.

माझ्याच दुकानात, माझ्याच टेबलावर, ठेव!

पुढच्या खेपेपासून ते दोघं शाकुजी नदीकाठच्या बाकावर जायला लागले. दुकानात आवाज होतो म्हणे, माईकला चालत नाही. तेल मी पंचवीस वर्षं तळतेय, आत्ता आवाज व्हायला लागला. हे जाताना दाढी करून जायचे आणि येताना चेहरा असा यायचा, जसा कढत पाण्यात तासभर बसून आलेल्या माणसाचा असतो. मी विचारायचे, "काय बोलता हो इतकं?"

"असंच."

"असंच तास तास चालतं?"

"ती विचारते."

"मी काय विचारत नाही?"

ह्यावर हे मोजे काढायला लागले.

एका दुपारी दुकानात गर्दी नसताना तोमियो येऊन काउंटरवर कोपरं टेकून उभी राहिली. "काय गं, कालचा मासा खारट होता. कुणाचा राग त्यावर काढलास?"

"कुणाचा काढायचाय?"

"नदीवर पाहिलं मी दोघांना. तुझा नवरा हातवारे करून बोलत होता. मी म्हटलं, माणूस बदलला की काय!"

"माझं काही बोलत होते का?"

"मला काय माहीत? पण एकदा डोळे पुसले त्याने."

डोळे पुसले! माझी आई गेली तेव्हा ह्या माणसाने मला एक टॉवेल आणून दिला होता आणि दुसऱ्या खोलीत जाऊन बसला होता.

"अगं, तीस वर्षं हा दुसऱ्या बायकांच्या अंगाशी," तोमियो म्हणाली, "आणि तू ढिम्म. आता नुसता बोलला तर तुझ्या पोटात दुखतंय?"

"अंग काय गं, अंग सगळ्यांनाच असतं," मी ओरडले. "डोळे पुसले म्हणजे गाव, आई, लहानपणच असणार. हे मला द्यायचं सोडून तिला देतोय! मी काय रस्त्यावर पडलेय?"

"मग जा आणि ऐक लपून."

गेले होते मी. खोटं कशाला बोलू? भाजीची पिशवी घेऊन बाकामागच्या झाडाशी जाऊन उभी राहिले, तर पलीकडे शाळेची मुलं ढोल बडवत होती, सणाची तालीम. एक अक्षर कळलं नाही. फक्त दिसलं की ती पोरगी कॅमेऱ्यात बघतच नव्हती. ह्यांच्याकडे बघत होती, मान एका बाजूला करून. आणि हे तिच्याकडे न बघता पाण्याकडे बघून बोलत होते. तसं पाण्याकडे बघून बोलणारा माणूस माझा नव्हताच. मग पिशवीतली कांद्याची पात तिथल्या कठड्यावर हाणत हाणत घरी आले.

आणि मग एका संध्याकाळी, दुसऱ्या दिवशी ह्यांचं काम होतं, म्हणून मी दिवा ओढून घेतला, पट्टी काढली, "हात आणा," म्हटलं. ह्यांनी हात पुढे केले. नखं घासलेली होती. दहाच्या दहा. गुळगुळीत.

"कुणी केली?"

"कुझेसाननी."

मला वाटलं मी नीट ऐकलं नाही. "कुणी?"

"मी सांगत होतो, कामाआधी कसं करतात ते. ती म्हणाली, मला करून बघायचंय. कॅमेरा स्टँडवर लावला आणि केली तिने. बरी केलीत की."

"बरी केलीत? बरी केलीत! मग तिच्याकडेच जा ना जेवायला! तिच्याकडेच झोपा! त्या पोरीला विचारा, डब्याचा वास राहतो का!"

"अगं, नखंच तर आहेत."

"नखंच आहेत? आणि माझ्याकडे दुसरं काय आहे? सांगा ना, दुसरं काय दिलंत मला? तोंड तिला, डोळ्यांतलं पाणी तिला, नखं होती तीही तिला!"

मी पट्टी खिडकीतून फेकली. खालच्या सायकलवर पडली असावी, टण्ण आवाज आला. हे खूप वेळ तसेच हात टेबलावर ठेवून बसले होते. मग म्हणाले, "अंघोळ," आणि उठून गेले.

दुसऱ्या दिवशी दुकान उघडायच्या आत कुझेबाई हजर. हातात बीनच्या मिठाईचा डबा, कमरेत वाकलेली. "इत्सुकोसान, माझं चुकलं. मला माहीत नव्हतं ते तुमचं आहे."

"आता माहीत झालं ना?"

"हो. मी ते दृश्य काढून टाकते."

"सगळं काढायचं. माझं दुकान नको, माझं टेबल नको, माझी तळणी नको. माझा आवाजसुद्धा आला नाही पाहिजे. ह्या सिनेमात मी नाही."

"पण मग असं दिसेल की कुनिहिरोसान एकटेच आहेत."

"दिसू दे. बोलताना होतेच ना एकटे?"

तिने वाद घातला नाही. पुन्हा वाकली, म्हणाली, "तुमचा हक्क आहे," आणि गेली. भांडली असती तर मला बरं वाटलं असतं. इतकी मुकाट्याने गेली की मला तिचा आणखीच राग आला. मिठाई मी तोमियोला देऊन टाकली. ती तिथेच उभ्याने खाऊन "चांगली आहे गं" म्हणाली.

त्या दिवसापासून मी ह्यांच्याशी बोलणं टाकलं. ह्यांच्या तीन शब्दांना मी एकाही शब्दाने उत्तर द्यायचे नाही. कामाआधी हे स्वतःच खिडकीपाशी नखं घासायचे, चष्मा चढवून. मी बघायचे नाही. पण मनात एकच घोळायचं: काय सांगितलं असेल? डोंगरातलं घर कसं होतं, शेत कुणी विकलं, आई रागीट होती का, हे सगळं त्या पोरीच्या यंत्रात बंद आहे आणि मी बायको असून ते मला तिकीट काढून बघावं लागणार. ह्या माणसाच्या पोटात कोण राहतं ते आपल्याला ठाऊक आहे, असं मी इतकी वर्षं समजत होते. ते मोडलं तर मग आमच्यात होतं तरी काय?

पानगळीच्या दिवसांत तिचा सिनेमा तयार झाला. कोएन्जीला एका दुमजली इमारतीत वरच्या मजल्यावर छोटा हॉल आहे, घडीच्या खुर्च्या मांडलेल्या. पहिला खेळ संध्याकाळचा. हे म्हणाले, "चल." मी जाणार नव्हते. तोमियोने ओढून नेलं.

दारात सगळी ओळखीची मंडळी. दिवेवाले, माईकवाले, दोन म्हातारे नट. एकमेकांना वाकून "सुप्रभात, सुप्रभात" चाललेलं, बाहेर दिवे लागले तरी. ह्या धंद्यात दिवसा-रात्री केव्हाही भेटलं तरी सुप्रभातच म्हणायचं. बाकी प्रेक्षक कॉलेजची मुलं, चष्मेवाल्या बायका, ते चमकून बघत होते. मी मागच्या रांगेत कडेला बसले. हे माझ्याशेजारी, हात मांडीवर.

सिनेमा चांगला होता. बोलायला नको, पण होता. दिवेवाल्या म्हाताऱ्याने आपले भाजलेले तळवे दाखवले, तोमियोने जीभ चालवली, लोक हसले. मग नदी आली. बाक आला. बाकावर हे.

कुझेबाईचा आवाज म्हणाला, "तुमचं लहानपण कुठे गेलं?"

पडद्यावरचे हे पाण्याकडे बघून म्हणाले, "मी समुद्रकाठचा. सादो बेटावरचा."

मी खुर्चीत ताठ झाले. सादोची मी आहे.

"आई माकूळ मासळी वाळवायची," हे सांगत होते. "दोरीवर टांगून. वारा फिरला की दोऱ्या फिरवायच्या, पहाटे उठून. माझ्या हातांना कायम माकळाचा वास. शाळेत शेजारी कुणी बसायचं नाही. आई म्हणायची, नाक दाबून येतील ते खायला मात्र पहिले येतील." माझी आई. माझ्या आईचं वाक्य, तिच्याच हेलात! "मी गाव सोडलं तेव्हा आई धक्क्यावर आली नाही. मला राग आला. बोट सुटली, वळली, तेव्हा दिसलं, ती छपरावर चढून पांढरी चादर झटकत होती. उगाच. चादर धुतलेली नव्हती की काही नव्हती. बोटीवरून आपण दिसावं म्हणून झटकत होती."

हॉलमध्ये कुणीतरी नाक ओढलं. पुढची चष्मेवाली बाई रडत होती. माझ्या आईसाठी, ह्यांची आई समजून. मी मान वळवून ह्यांच्याकडे बघितलं. हे समोर बघत होते, पण कान लाल झाले होते. ह्या माणसाने कोवळ्या वयात समुद्र पाहिलासुद्धा नव्हता. आणि एक शब्द चुकला नव्हता. चादरीचा रंगसुद्धा. नखं घासताना "हं, हं" करत झोपलेत असं मला वाटायचं तेव्हा हा माणूस सगळं आत ठेवत होता.

आणखी किती काय आलं. मी टोकियोत पहिल्यांदा हरवले ते. बहिणीशी भांडले ते. ह्यांच्या मांडीवर मेलेलं म्हणून सांगितलं ते माझं गावचं मांजर. मी नको म्हणून माझी तळणी, माझं टेबल, माझा आवाज सगळं कापून घेतलं होतं, आणि आता त्या पडद्यावर माझ्याशिवाय काहीच नव्हतं.

शेवटी तिने विचारलं, "कामाचा दिवस संपल्यावर काय करता?"

हे म्हणाले, "घरी जातो. जिना चढून दारात थोडं थांबतो. आतून आवाज येतो का ऐकतो. भांड्याचा, शिव्या देण्याचा, कसलाही. आवाज आला की आत जातो."

"आणि नाही आला तर?"

"अजून तसं झालं नाही."

मी हे शोधत बसले, की हे माझं कधीचं? माझ्या बोलण्यात कुठलं? हे माझं नव्हतंच. मी कायम दाराच्या आतली. मी बाहेर कधी थांबले? आणि मला आजवर वाटायचं गुडघे दुखतात म्हणून ह्यांना दार उघडायला वेळ लागतो. त्या अख्ख्या सिनेमात ह्यांचं स्वतःचं तेवढंच होतं, आणि त्या अख्ख्या हॉलमध्ये ते फक्त मला कळलं.

टाळ्या झाल्या. दिवे लागले. कुझेबाई माझ्यापाशी आली, डोळे सुजलेले, हात एकमेकांत अडकवलेले. "इत्सुकोसान, तुम्ही आलात. कसा वाटला? मला तुमचंच मत हवंय."

एक शब्द बोलले असते तर तिचा सिनेमा तिथेच मेला असता. पण मग तिने पुन्हा कॅमेरा लावला असता, आणि ह्या खेपेला खरं काढल्याशिवाय उठली नसती. गुन्मातलं शेत, खरी आई, सगळं. ते तिला मिळायला नको होतं. माझ्या आईवर भागव म्हणावं.

"छान झालाय," मी म्हटलं.

"थोडा लांबलाय. शेवटचं ते दाराचं काढावं का, असं वाटतंय. बाकी इतकं सच्चं आहे, त्यापुढे ते जरा फिकं वाटतं ना?"

"काप," मी म्हटलं. "अगदी काप. कशाला ठेवतेस?"

तिने वहीत लिहून घेतलं. तोमियो माझ्याकडे डोळे मोठे करून बघत होती. मी तिला दंडाला धरून बाहेर काढलं.

तोमियो आपल्या वाटेने गेली, आणि स्टेशनपर्यंत मी ह्यांच्या चार पावलं पुढे चालत राहिले. मग राहवेना. "माझी आई होती ती!"

"हं."

"माझी आई तुम्ही वाटून टाकलीत! चाळीस लोकांना!"

"कॅमेरा सुरू होता," हे म्हणाले. "त्यापुढे आपलं सांगायचं नसतं."

"म्हणून माझं सांगायचं?"

हे थांबले. माणसं बाजूने चालली होती, कुणीतरी ह्यांना धक्का देऊन गेलं. "मग कुणाचं सांगू?" म्हणाले. "मला दुसऱ्या कुणाचं माहितीय?"

गाडीत ह्यांना बसायला जागा मिळाली, मला मिळाली नाही, तर हे उठले आणि मला बसवून समोर उभे राहिले. मी तरीही खिडकीकडे तोंड करून बसले.

दुसऱ्या दिवशी ह्यांचं काम होतं. संध्याकाळी मी वर भांडी घासत होते, मांजराला शिव्या देत होते, रेडिओ चालू होता. जिन्यावर पावलं वाजली. माझ्या अंगात काय आलं कोण जाणे. मी रेडिओ बंद केला. नळ बंद केला. मांजराला उचलून पोटाशी धरलं आणि दाराच्या आतल्या बाजूला अनवाणी जाऊन उभी राहिले. म्हटलं, थांबा आता. बघू, काय करता.

पावलं दारात आली आणि थांबली. आत चिडीचूप. दाराच्या पलीकडे ह्यांचा श्वास ऐकू येत होता, जिना चढल्याचा. पिशवी या हातातून त्या हातात घेतली, तेही कळलं. मी हलले नाही. माझी आई चाळीस लोकांना दिलीत ना? थांबा. एकदा खोकले. मी हलले नाही. मग पिशवी खाली ठेवल्याचा आवाज आला, आणि ह्यांनी टकटक केली. आपल्याच दारावर, गॅसचं बिल द्यायला आलेल्या माणसासारखी.

"अगं," हे म्हणाले. आवाज बसला होता. "आहेस ना गं?"

इतक्या वर्षांत ह्या माणसाने माझ्याविषयी विचारलेला तो पहिला प्रश्न.

"नाही!" मी ओरडले, आणि मांजर दचकून हातातून उडालं.

तेव्हा हे आत आले.